पालकाची सही

आमच्या संस्थेला त्या वर्षी दोन अध्यक्ष होते, माझे गुडघे दोन होते, आणि चौघांनी मिळून माझा जीव नकोसा करून टाकला होता.

मी तिथली अधीक्षिका. एकोणतीस वर्षं झाली. वसतिगृह आहे आमचं, वयाने वाढलेल्या पण बुद्धीने लहान राहिलेल्या माणसांचं. आईबापांनीच एकत्र येऊन काढलेली संस्था. आपण गेल्यावर ह्यांचं कोण करणार, ही एकच काळजी. एकेचाळीस जण राहतात. सगळ्यात धाकटा बावीसचा, सगळ्यात थोरला एकसष्टचा, आणि आम्ही सगळ्यांना ‘मुलं’च म्हणतो. बाहेरची माणसं हसतात. हसू देत, त्यांचं काय जातंय.

आता भांडण सांगते, थोडक्यात सांगते, कारण लांबण लावायला माझ्यात त्राण नाही. पहिल्यापासूनचे अध्यक्ष म्हणजे हेडमास्तर. निवृत्त झाल्याला वीस वर्षं झाली, पण बोलताना अजून हातात खडू असल्यासारखी बोटं धरतात. त्यांचा मुलगा आमच्याकडेच होता, इथेच गेला. दुसरे कंत्राटदार. बांधकामं घेतात, त्यांची बहीण आमच्याकडे आहे. वार्षिक सभेत वरचा मजला चढवायचा की नाही यावरून दोघांची जुंपली. हेडमास्तरांनी टेबलावर हात आपटला, ‘सभा तहकूब’ म्हणाले आणि कार्यवृत्ताचं रजिस्टर काखोटीला मारून चालते झाले. अर्धे लोक त्यांच्यामागे गेले. उरलेले तिथेच बसले आणि त्यांनी कंत्राटदारांना अध्यक्ष निवडलं. हेडमास्तर म्हणतात, सभा मी संपवली होती. कंत्राटदार म्हणतात, सभा काही कुणाच्या काखेत मावत नाही. माझ्या मते दोघांचंही बरोबर होतं, आणि दोघांच्याही थोबाडीत द्यावीशी वाटत होती.

तेव्हापासून सगळं दुहेरी. दोन शिक्के, दोन वकील, सूचनाफलकावर दोन दोन सूचना. एकाची सूचना, फाटक सहाला बंद करावं. त्याच्या शेजारी दुसऱ्याची, सातला. शेवटी मी साडेसहाला बंद करायला लागले. मग दोघांनीही मला खुलासा मागितला.

हे सगळं मी सोसलं असतं. आयुष्यभर साहेब लोकांचं ऐकत आलेय, त्यात एक साहेब जास्त. पण मध्ये बटण आली.

बटण म्हणजे आमची मुलगी, चव्वेचाळीस वर्षांची. खरं नाव कागदावर आहे, पण त्या नावाला ती ओ देत नाही. कपड्यांच्या कारखान्यातून आमच्या कामखोलीत बटणांची पोती येतात, सगळा घोळ एकत्र. ती रंगांप्रमाणे, भोकांप्रमाणे निवडून डब्यात भरायची. या कामात हिचा हात कोणी धरत नसे. दोन भोकांचं करडं आणि चार भोकांचं करडं ती न बघितल्यासारखं बघून वेगळं करायची. कारखान्याचा माणूस डबे न तपासता घेऊन जायचा. बोलायची कमी, पण काम झालं की डबा वाजवून सगळ्यांना ऐकवायची. भारी तोरा!

त्या वर्षी तिच्या काळ्या डब्यात तपकिरी बटणं निघायला लागली. आधी दोन-चार, मग मूठभर. इतर मुलं हसली. मुलंच ती, त्यांना काय कळतंय? बटणने डबा ढकलून दिला आणि दुसऱ्या दिवसापासून कामखोलीत यायचीच बंद झाली. खाटेवर भिंतीकडे तोंड करून बसायची. जेवायला बोलावलं तर भिंत चाचपत यायची. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला की ही रुसलेली नाही, हिला दिसत नाहीये. इतके दिवस मी कंत्राटदारांचे खुलासे लिहीत बसले होते. माझीच मला लाज वाटली.

डोळ्यांचे डॉक्टर तरुण, पण हाताला सावकाश. त्यांनी बटणला आधी टॉर्च हातात दिली, स्वतःच्या डोळ्यात मारू दिली, मग तिचे डोळे तपासले. मला बाजूला घेऊन म्हणाले, “दोन्हींत मोतीबिंदू. उजव्यातला पिकून फुगलाय, आत दाब वाढायला लागलाय. दोन आठवड्यांच्या आत करा. नाही केला तर हा डोळा कायमचा गेला म्हणून समजा. डावा दीड-दोन महिन्यांनी करू.”

“उद्याच करा,” मी म्हटलं.

“उद्याच करतो. पालकाची सही आणा.”

इथे आमच्याकडची एक पद्धत सांगायला हवी. एखाद्या मुलाचे आई-वडील दोघंही गेले आणि रक्ताचं कोणी उरलं नाही, की संस्थेचा अध्यक्ष त्याचा पालक होतो. नुसता कागदावर नाही. जेवणघरात सगळ्यांसमोर अध्यक्ष त्या मुलाचा हात हातात घेतो आणि म्हणतो, “आजपासून तुझं मी बघणार.” मग पालकत्वाच्या वहीत सही करतो. ही वही कायद्याने मान्य झालेली, त्यामुळे दवाखान्यात, कचेरीत, कुठेही अध्यक्षाची सही चालायची. बटणची आई अकरा वर्षांपूर्वी गेली, त्या दिवशी हेडमास्तरांनी बटणचा हात धरला होता. बटणने त्यांच्या कोटाची बटणं मोजून घेतली होती, एवढं मला आठवतंय. पण पालक कोण? हेडमास्तर नावाचा माणूस, की अध्यक्ष नावाची खुर्ची? अकरा वर्षांत हा प्रश्न कोणाला पडला नव्हता, कारण खुर्चीत दुसरं कोणी बसलंच नव्हतं.

आणि मग मी शहाणपणा केला. आयुष्यात एवढा मूर्ख शहाणपणा दुसरा केला नाही. मी दवाखान्यातून दोन फॉर्म घेतले.

माझं गणित साधं होतं. एकावर हेडमास्तरांची सही घ्यायची, एकावर कंत्राटदारांची. खरा अध्यक्ष कोणीही ठरो, एक सही तर खरी निघेलच. हेडमास्तरांनी शाईच्या पेनने सही केली, फुंकर मारली आणि विचारलं, “त्याच्याकडे नाही ना गेलात?” मी म्हटलं, छे हो. कंत्राटदारांनी बांधकामावर सिमेंटच्या पोत्यावर फॉर्म ठेवून सही केली, खाली नवा शिक्का दोनदा उठवला आणि विचारलं, “म्हाताऱ्याला दाखवलं नाहीत ना?” मी म्हटलं, छे हो. दोघंही खूश. बटणचा कोणता डोळा, हे दोघांनीही विचारलं नाही.

दवाखान्याच्या खिडकीत बसणाऱ्या बाईंनी दोन्ही फॉर्म शेजारी शेजारी ठेवले.

“बाई, पेशंटला पालक किती?”

“एक.”

“मग अध्यक्ष किती?”

एकच फॉर्म दिला असता तर त्या माउलीने वर बघितलंही नसतं. शिक्का मारून आत पाठवला असता. मीच दोन देऊन तिला शंका आणून दिली. तिने फॉर्म वर पाठवले, वरच्यांनी संस्थेला विचारणा केली, आणि मग काय विचारता! दोन दिवसांत दोन्ही वकिलांच्या नोटिसा दवाखान्यात हजर. आमच्या अशिलाशिवाय दुसऱ्या कोणाच्या सहीवर ऑपरेशन केल्यास परिणामांना दवाखाना जबाबदार राहील. दवाखान्याने हात वर केले. डॉक्टरांचा चेहरा पडला होता. म्हणाले, “माझ्या हातात असतं तर... पण कोर्टाकडून काहीतरी आणा.”

मी बटणला घेऊन परत आले. तिने खाटेवर बसून विचारलं, “झालं?” मी म्हटलं, “नाही गं बाळ, अजून नाही.” ती भिंतीकडे वळली. चौदातले चार दिवस गेले होते.

कोर्टात प्रकरण आधीच चालू होतं, पण ते डोळ्याचं नव्हतं. हेडमास्तरांच्या माणसांनी ऑफिसला कुलूप घातलं, त्यावर कंत्राटदारांच्या माणसांनी दुसरं घातलं. कंत्राटदार पोलीस चौकीत गेले, तिथे त्यांना सांगितलं, हे दिवाणी आहे, कोर्टाचा हुकूम आणा. म्हणून त्यांनी कोर्टात अर्ज केला की मी निवडून आलेला अध्यक्ष आहे, मला पोलीस संरक्षणात ऑफिसात बसवून द्या. मला पालकत्वाची वही घेऊन साक्षीला बोलावलं होतं. वही तेवढी माझ्या कपाटात असायची, म्हणून वाचली. मी मनात म्हटलं, देवानेच बोलावलंय, आज विचारतेच.

न्यायाधीश बाई होत्या. सर्दीने बेजार, रुमाल नाकाला. दोन वकील दीड तास भांडले. बाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, “खाजगी संस्थेचा अध्यक्ष कोण, हे ठरवायला कायद्याने निबंधक नेमलेत. तो अधिकार या कोर्टाचा नाही. त्यांच्याकडे जा. आणि कोणाला खुर्चीत बसवायला मी पोलीस देणार नाही. पोलीस भांडण थांबवायला असतात, भांडण जिंकून द्यायला नाही.” मग त्यांनी हुकूम सांगितला. निबंधकांचा निर्णय होईपर्यंत दोघांपैकी कोणीही अध्यक्ष म्हणून काम करायचं नाही, सही करायची नाही. ऑफिस बंद राहील, फाटकावर पोलीस राहतील, मुलांना त्रास होता कामा नये.

मी उभी राहिले. कोणी उठ म्हटलं नव्हतं, पण राहिले. “बाईसाहेब, आमच्या एका मुलीच्या डोळ्याचं ऑपरेशन अडलंय. पाच दिवस राहिलेत. आता सही कोणी करायची?”

त्यांनी रुमाल खाली घेतला. खरंच वाईट वाटलं होतं त्यांना, मला दिसलं. “तुमचा अर्ज आहे?”

“नाही.”

“माझ्यासमोर ऑफिसचा अर्ज आहे, बाई. डोळ्याचा नाही. पालक नेमून हवा असेल तर वरच्या कोर्टात वेगळा अर्ज करावा लागेल.”

“त्याला किती दिवस लागतात?”

वकिलांपैकी एक जण हसला. म्हणजे कळलं किती लागतात ते.

बाहेर आल्यावर हेडमास्तर म्हणाले, “बघितलंत, त्याला संरक्षण मिळालं नाही!” कंत्राटदार दुसऱ्या बाजूला माणसांना सांगत होते, “बघितलंत, म्हाताऱ्याची सही बंद!” दोघंही जिंकले होते. मी पायरीवर बसले. गुडघे दुखत होते म्हणून बसले असं मी सांगते सगळ्यांना, पण खरं म्हणजे मला उठावंसंच वाटत नव्हतं. दोघांनी सही केली तर चालत नाही, आणि आता तर दोघांनीही करायची नाही. ऑफिसला पोलीस मिळाला, कुलपांना मिळाला, शिक्क्यांना मिळाला. त्या पोरीचं काय?

दुसऱ्या दिवशी सकाळी फाटकावर हवालदार येऊन बसले. पोट सुटलेले, निवृत्तीला आलेले, माझ्यासारखेच वैतागलेले. मी चहा दिला तर म्हणाले, “बाई, बत्तीस वर्षांच्या नोकरीत असलं सोपं काम मिळालं नव्हतं. दोघं येणार, दोघांनाही आत सोडायचं नाही. कोण खरा, ते बघायचंच नाही.” आमचा एक मुलगा त्यांना येता-जाता सलाम ठोकायचा आणि तेही दर वेळी उठून उलट सलाम ठोकायचे. दोन दिवसांत तीसेक वेळा उठले असतील.

तिसऱ्या दिवशी सकाळी मी बटणचे केस विंचरले, तिला धुतलेले कपडे घातले आणि हाताला धरून फाटकाशी आले. हवालदारांनी विचारलं, “कुठे?”

“दवाखान्यात. तुमच्या हुकमात अडवायला सांगितलंय का?”

त्यांनी खिशातून हुकमाचा कागद काढला, चष्मा लावला, दोन्ही बाजू वाचल्या. “भांडण अडवायला सांगितलंय. तुम्ही भांडताय का?”

“अजून नाही.”

“मग जा.”

दवाखान्यात मी खिडकीतून नवा फॉर्म घेतला. एकच घेतला. सहीच्या वर एक रकाना असतो, रुग्णाशी नातं. आदल्या दोन फॉर्मांत तिथे ‘अध्यक्ष’ लिहिलं होतं. तसं बघितलं तर अध्यक्ष हे नातंच नाही. मी लिहिलं, ‘बहीण’. हात कापला नाही. खोटं लिहिताना कापायला हवा होता, पण एकोणतीस वर्षांत हिचे केस मी विंचरलेत, तापात कुशीत घेऊन बसलेय, पाळी म्हणजे काय ते दर महिन्याला नव्याने समजावून सांगितलंय. हे करणाऱ्या बाईला फॉर्मवर दुसरं काय म्हणतात, मला सांगा!

खिडकीतल्या बाईंनी फॉर्म वाचला, माझ्याकडे बघितलं. ओळखलं त्यांनी मला, शंकाच नको. म्हणाल्या, “हे आधीच नाही का सांगायचं?” आणि शिक्का मारला.

डॉक्टरांनीही फॉर्म बघितला. नुसते म्हणाले, “ताईला आत येऊ दे, घाबरेल नाहीतर.”

पट्टी दुसऱ्या दिवशी सोडली. बटण बराच वेळ पापण्या मिटून बसली. मग उघडल्या. आधी खिडकीकडे बघितलं, मग डॉक्टरांच्या डगल्याकडे, मग माझ्याकडे. टक लावून बघत राहिली.

“बाई, तू म्हातारी झालीस.”

मला हसू आलं आणि त्याच्यामागोमाग रडू आलं, आणि दोन्ही एकदम आवरता येईनात. डॉक्टर पाठ फिरवून औषधं लिहीत बसले. डोळा वाचला होता. आणखी चार दिवस गेले असते तर नसता वाचला, हे त्यांनी नंतर सांगितलं.

झाकून किती दिवस राहणार? आठवड्यात दोघांच्याही कानावर गेलं. निबंधकांकडे सुनावणी लागलीच होती, दोन्ही वकिलांनी माझी सही त्यात घुसवली. कंत्राटदारांचं म्हणणं, जुन्या अध्यक्षाने नेमलेली अधीक्षिका खोट्या सह्या करते, कसला कारभार हा! हेडमास्तरांचं म्हणणं, कंत्राटदाराने गोंधळ घातला नसता तर तिच्यावर ही वेळच आली नसती. मला नोटीस आली, बटणला घेऊन हजर राहावं.

हेडमास्तर घरी आले. पाणी प्यायले, खुर्चीत ताठ बसले. “तुम्ही एवढंच सांगा की सही मी करायला सांगितली होती. म्हणजे पालक म्हणून मीच निर्णय घेतला असं होईल, तुम्हीही सुटाल.” मी विचारलं, “सर, तिला आता उजव्या डोळ्याने दिसतं. तुम्ही बघायला आलात का?” वाईट माणूस नाही हो. मुलगा गेला त्या खोलीच्या दाराला हात लावल्याशिवाय ते कधी पुढे जात नसत. पण खुर्ची सोडली तर मुलाशी उरलेलं शेवटचं काहीतरी सुटेल, असं त्यांना वाटत असावं. मला कळत होतं. कळून काय करू?

कंत्राटदारांचा फोन आला. त्यांचं उलट. हेडमास्तरांनी सही द्यायला नकार दिला असं सांगा, तुमच्या नोकरीला धक्का लागू देत नाही. मी फोन ठेवला. माझी नोकरी चौदा महिने राहिली होती. त्यानंतर गॅलरीत पाय वर करून बसायचं, कोणाला भरवायचं नाही, कोणाची नाडी सोडायची नाही, एवढंच मागणं होतं माझं. रोज संध्याकाळी घरी चालत येताना मी तेच घोकत यायची.

खरी मेख नियमात होती. आमच्या घटनेत सहावा नियम आहे. रक्ताचा नातेवाईक सापडला, तर संस्थेचं पालकत्व संपतं आणि मुलाला त्याच्या हवाली करायचं. म्हणजे मी ‘नाही, बहीण नाही’ म्हटलं, तर सही खोटी, गुन्हा माझ्या माथी, आणि डाव्या डोळ्याची तारीख रद्द. ती सुनावणीनंतर आठ दिवसांवर होती, आणि पालक अजून कोणीच नव्हतं. ‘हो, बहीण आहे’ म्हटलं, तर बटण माझ्या घरी. चौदा महिन्यांसाठी नाही, कायमची.

मी आमच्या ह्यांना सांगितलं. हे पाणीखात्यातून निवृत्त, दिवसभर रेडिओ उघडून त्याचे स्क्रू मोजत असतात. दोन खोल्यांचं घर आमचं. ऐकून घेतलं आणि म्हणाले, “आपलंच कोणीतरी बघायचं वय झालंय आता.”

“तेच म्हणतेय मी.”

“तू काही म्हणत नाहीयेस. तुझं ठरलेलं असतं आणि मला विचारल्यासारखं करतेस.”

“काहीही ठरलेलं नाहीये!” मी ओरडलेच. “दमलेय मी. कळतंय का तुम्हाला? मला नकोय आता कोणी. मला कोणीच नकोय.”

त्यांनी रेडिओ बाजूला केला आणि म्हणाले, “मग नाही म्हण. त्यात पाप नाही.”

ते मनापासून म्हणाले होते. म्हणून जास्त त्रास झाला.

सुनावणीला निबंधकांच्या कचेरीत लाकडी बाकं होती, फायलींचे ढीग होते आणि दारात पोलीस होते, कारण दोन्हीकडची तीस-तीस माणसं जिन्यात उभी होती. आमचे हवालदारही त्या पोलिसांत. निबंधकसाहेब पन्नाशीचे, डोळ्यांखाली काळं. त्यांनी अध्यक्षपदाचं प्रकरण उघडलं, सभेचं रजिस्टर मागितलं. हेडमास्तरांनी दिलं. कंत्राटदारांनी दुसरं रजिस्टर दिलं. साहेबांनी दोन्ही एकावर एक ठेवली आणि म्हणाले, “सभासदांची यादी तपासावी लागेल. पुढच्या महिन्यात बघू.” झालं. दोघांचा सगळा जीव ज्याच्यात अडकला होता, ते दहा मिनिटांत पुढच्या महिन्यावर गेलं.

“आता या सहीचं,” साहेब म्हणाले. मला समोर बोलावलं. बटण माझ्या पदराला धरून उभी होती. कंत्राटदारांच्या वकिलांनी सहावा नियम वाचून दाखवला, वर म्हणाले की यांच्या नावावर अशी बहीण असल्याची कुठेही नोंद नाही.

साहेबांनी फाइल चाळली. त्यात बटणच्या आईचा अर्ज होता, एकुलती एक मुलगी, असं स्पष्ट लिहिलेलं. त्यांनी तो वाचला. मला दिसलं की त्यांनी तो वाचला. मग पान उलटून फाइल मिटली.

“बाई, विचार करून सांगा. नाही म्हणालात तर मला हे पोलिसांकडे पाठवावं लागेल. हो म्हणालात तर ही आजपासून तुमची जबाबदारी. संस्थेची नाही. कळतंय का?”

“कळतंय.”

“ही तुमची बहीण आहे?”

मला गॅलरी दिसली. पाय वर केलेले दिसले. इतकं स्वच्छ कधी दिसलं नव्हतं. बटणने पदर ओढला. डावा डोळा अजून दुधासारखा पांढरा होता.

“हो,” मी म्हटलं.

“सख्खी?”

“सख्खी.”

साहेबांनी हेडमास्तरांच्या बाजूला विचारलं, “हरकत?” वकिलांनी हेडमास्तरांकडे बघितलं. हेडमास्तर खाली बघत होते. “नाही.” कंत्राटदारांच्या बाजूला विचारलं. तिथे थोडी कुजबुज झाली. एक अडचण परस्पर घरी जात होती, कोण नाही म्हणेल? “हरकत नाही.” वर्षभरात दोन्ही बाजूंचं पहिल्यांदाच एकमत झालं.

“एक औपचारिकता,” साहेब म्हणाले आणि बटणकडे वळले. बटणला खोटं बोलता येत नाही. शिकवलं तरी येत नाही, आणि मी शिकवलंही नव्हतं.

“ह्यांना ओळखतेस ना? कोण ह्या तुझ्या?”

बटणने उजव्या डोळ्याने मला वरपासून खालपर्यंत बघितलं. मग टेबलाजवळ गेली, साहेबांच्या अगदी तोंडाजवळ तोंड नेलं आणि एकट्याला सांगावं तशा आवाजात, पण सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, “ती दमलीय. तिला घरी नेते मी.”

साहेबांनी मान खाली घातली आणि लिहिलं, ‘बहिणीस ओळखते.’